कार्नेशनचे गुरुवार

५ नोव्हेंबर १९५३, गुरुवार

आजपासून लिहून ठेवायचं ठरवलं आहे. उद्या कोणी म्हणालं की तेओदोर बिझुआरला उतारवयात भास व्हायला लागले, तर हे कागद त्याच्या तोंडावर फेकता येतील. तारीख, वार, कोण काय बोललं, कोण कुठं उभं होतं, सगळं लिहिणार.

आज दुपारच्या प्रयोगाआधी माझ्या रंगपटात, आरशासमोर, लाल कार्नेशनचा गुच्छ ठेवलेला होता. चिठ्ठी नाही, नाव नाही.

सिदोनी, आमची कपडेवाली, माझा कोट घेऊन आली आणि उंबऱ्यातच थबकली. तिनं आधी दाराच्या लाकडाला हात लावला.

"अगंबाई! हे कुणी पाठवलं?"

"तेच तुला विचारतोय."

"मी नाही हात लावणार हं, मस्यू तेओ. तुमचं तुम्ही उचला."

आमच्या धंद्यात कार्नेशन मिळणं म्हणजे नारळ मिळणं. जुन्या काळी हंगाम संपताना नाट्यगृहाचा मालक ज्या नटीला ठेवायचं तिला गुलाब पाठवायचा आणि जिला काढायचं तिला कार्नेशन. तोंडानं काही बोलायची गरज नसे. आता मालक असं करत नाहीत म्हणतात. पण कार्नेशन आजही कोणी नाटकवाला नाटकवाल्याला देत नाही, चुकूनसुद्धा नाही. म्हणजे ज्यानं ठेवली त्यानं जाणूनबुजून ठेवली.

मी पुरुष आहे, मला फुलं कशाला, असं क्षणभर मनात आलं. पण निरोप पोचवणाऱ्याला काय त्याचं!

माझा करार ३१ डिसेंबरला संपतो.

६ नोव्हेंबर, शुक्रवार

झोप लागली नाही. हे मी कोणासाठी लिहितो आहे ते माहीत नाही, पण ज्याच्या हाती पडेल त्याला परिस्थिती कळावी म्हणून सांगतो.

आम्हाला पॅरिसमध्ये 'दुसरी सुरी' म्हणतात. नायक म्हणजे पहिली सुरी, त्याच्या शेजारी मांडलेले आम्ही. चौतीस वर्षांत मी एक्क्याण्णव चित्रपट आणि साठेक नाटकं केली. पाद्री झालो, फौजदार झालो, खाणावळीचा मालक झालो, तीनदा विष पिऊन मेलो आणि एकदा तर नाव पडद्यावर यायच्या आतच मेलो. रस्त्यात लोक थांबवून विचारतात, "तुम्ही आमच्या मामेबहिणीच्या लग्नात होतात ना?" चेहरा सगळ्यांच्या ओळखीचा, नाव एकालाही माहीत नाही.

आणि आता, अठ्ठावन्नाव्या वर्षी, हा नोटरी मिळाला आहे. तिसऱ्या अंकात सगळे निघून जातात. रंगमंचावर मी एकटा, हातात मेलेल्या बाईचं मृत्युपत्र. ते वाचता वाचता नोटरीला कळतं की आपण तिच्यावर जन्मभर प्रेम केलं आणि एकदाही बोललो नाही. सात मिनिटं. चौतीस वर्षांत मला एवढा वेळ कोणी एकट्याला दिला नव्हता. या नाटकावर चित्रपट निघणार आहे आणि नोटरी कोण करणार हे ठरायचं आहे. हा हातून गेला तर पुन्हा असा येणार नाही, हे मला माहीत आहे आणि ज्यानं फुलं ठेवली त्यालाही माहीत आहे.

संशयित दोघं. एक आमचा मालक कोर्बिए. काल जिन्यात त्यानं माझ्या खांद्यावर हात ठेवला आणि म्हणाला, "काय तेओ, कसं काय राजा?" दहा वर्षांत त्यानं मला राजा म्हटलेलं नाही.

दुसरा देनी ग्रांझे, माझा बदली नट. मी आजारी पडलो तर नोटरी त्यानं करायचा. चाळिशीचा आहे, अदबीनं बोलतो. रोज विचारतो, "मस्यू बिझुआर, घसा बरा आहे ना?" माझ्या घशाची एवढी काळजी माझ्या आईनंही केली नव्हती.

१२ नोव्हेंबर, गुरुवार

पुन्हा. तीच फुलं, तशीच, चिठ्ठीशिवाय.

या वेळी मी थेट मागच्या दाराशी गेलो. तिथं लाबूर बसतो. वीस वर्षं द्वारपाल आहे; गुडघे गेले, पण जीभ शाबूत.

"कोण देऊन गेलं?"

"एक बाई."

"कसली बाई?"

"बाई म्हणजे बाई. तिशीची. करडी टोपी. चांगली बोलते."

"नाव?"

"विचारलं की मी. म्हणाली, नाव नका सांगू. त्यांना फुलं बघून कळेल."

हे वाक्य मी जसंच्या तसं उतरवून ठेवतो. *त्यांना फुलं बघून कळेल.* केवढा हा निर्लज्जपणा! लाबूर हसत सांगत होता. त्याला धमकी आणि निरोप यातला फरक कळत नाही.

गुच्छ वर्तमानपत्रात गुंडाळलेला होता आणि ते वर्तमानपत्र नीसचं होतं. ग्रांझे गेल्या उन्हाळ्यात दौऱ्यावर नीसलाच होता! इतका साधा पुरावा मागे ठेवतील असं वाटलं नव्हतं.

फुलांचे देठ तिरपे कापलेले, वाळक्या पातीचे दोन वेढे, गाठ खालच्या बाजूला. असा गुच्छ बांधायची पद्धत मला ठाऊक आहे. माझे सासरे नीसजवळच्या आंतीबला कार्नेशनच पिकवायचे. त्या वासानं अजून माझं डोकं उठतं. बायको गेली, सासरे गेले, मुलगी ओडिल तिथंच आहे आणि सात वर्षांत तिचं पत्र नाही. तो विषय इथं नको.

सिदोनीनं गुच्छाकडे लांबूनच पाहिलं. "घरचं तर कुणी नसेल ना हो?"

"माझं घरचं कोणी नाही," मी म्हणालो. ती नुसती कोटाला ब्रश मारत राहिली.

१४ नोव्हेंबर

आज नोटरीच्या सगळ्या हालचाली बदलल्या. चष्मा उजव्या हातानं काढायचो तो डाव्या हातानं काढला, खुर्चीपाशी उभा राहायचो तिथं बसलो. विंगेत उभा राहून पाठ करणाऱ्याला बसू दे पाठ करत. ग्रांझे वहीत लिहीत होता. मी तीनदा बदललं तसं त्यानं तीनदा खोडलं.

मध्यंतरात आमचा नायक काझाल म्हणाला, "तेओ, आज तू खिडकीतून बाहेर पडलास. तिथं दार नाहीये रे."

१९ नोव्हेंबर, गुरुवार

तिसरा गुच्छ. आणि आज मी तिला पाहिलं.

पडद्याला डोळ्याच्या उंचीवर एक भोक असतं, नट त्यातून प्रेक्षागृह भरलंय का बघतात. मी करडी टोपी शोधली. वरच्या बाल्कनीत, डाव्या टोकाला, खांबाजवळ बसली होती. एवढ्या लांबून चेहरा दिसत नाही, नुसती टोपी आणि मांडीवर ठेवलेले हात. गुरुवारी दुपारी बायका मुलांना घेऊन येतात. ही एकटी होती.

नंतर दिवे लागले की आम्हाला प्रेक्षकांत काळोखाशिवाय काही दिसत नाही. पण पहिल्या अंकात माझ्या छत्रीच्या प्रसंगाला सगळं नाट्यगृह हसतं तेव्हा मी कान तिकडे लावला. त्या कोपऱ्यातून हसू नाही. सिदोनीला मुद्दाम वर पाठवलं होतं. तिचा अहवाल: "हसली नाही. तिसऱ्या अंकात रुमाल काढून बसली होती. नाक पुसत होती."

"पडसं असेल."

"तुम्हाला पडसं म्हणायचं तर पडसं," सिदोनी म्हणाली.

माझा तर्क असा: ही चित्रपट कंपनीची माणूस आहे. दर गुरुवारी येऊन मला जोखते आणि जाताना फुलं ठेवते. पण फुलं तर प्रयोगाआधी येतात. म्हणजे निकाल आधीच लागलेला आहे आणि जोखणं नुसतं नावाला. तर्क पुरता बसत नाही, पण कुठंतरी पाणी मुरतंय एवढं नक्की.

२१ नोव्हेंबर

ग्रांझेनं घशाच्या गोळ्या आणून दिल्या, ज्येष्ठमधाच्या. मी आभार मानले आणि गोळ्या संडासात टाकल्या.

२४ नोव्हेंबर

आज एक दिवसाचं चित्रीकरण होतं, खाणावळीच्या मालकाचं. संवाद एकच: "सूप संपलं." दिग्दर्शक पोरगेला. म्हणाला, "मस्यू, हे जरा कमी करा. सूप संपलंय, जग संपलेलं नाही." सगळे हसले. मीही हसलो. मग त्यानं मला पाठमोरा उभा केला.

गाडीतून परतताना हिशेब केला की पाठमोऱ्या माणसाला बदलणं किती सोपं. पाठ कोणाचीही चालते. मी घरी येऊन आरशात पाठ बघायचा प्रयत्न केला, मान अवघडली.

२६ नोव्हेंबर, गुरुवार

आज हा प्रकार मिटवून टाकला.

अकरालाच लाबूरकडे गेलो आणि म्हणालो, "ती आली की फुलं आत घ्यायची नाहीत. मी सांगतो ते शब्द तसेच्या तसे तिला सांगायचे. पाठ कर."

"मला या वयात संवाद देताय होय?" लाबूर खूश झाला.

मी दिले ते संवाद असे: "मस्यू बिझुआर म्हणतात, तुम्ही कोण ते त्यांना पहिल्या दिवसापासून कळलेलं आहे. फुलं आणलीत तिथं परत न्या आणि या दारात पुन्हा पाऊल टाकू नका."

दोनदा म्हणवून घेतलं. दुसऱ्या वेळी त्यानं बरं म्हटलं, 'पहिल्या दिवसापासून'वर जोरही दिला.

प्रयोगाआधी त्याला गाठलं.

"सांगितलंस?"

"अक्षर न गाळता."

"मग?"

"मग काय, उभी राहिली. म्हणाली, 'मी कोण ते कळलंय असं म्हणाले ते?' मी म्हटलं, हो बाई, अगदी हेच म्हणाले, पहिल्या दिवसापासून. तरी खात्री पटेना तिची. 'स्वतः म्हणाले?' म्हटलं, स्वतः."

"आणि?"

"टोपी सारखी केली तिनं. मग म्हणाली, 'बरं. पुन्हा त्रास देणार नाही म्हणावं.' आणि गेली. फुलं घेऊनच गेली."

त्रास देणार नाही! ही सरळ सरळ कबुली झाली. मी लाबूरच्या पाठीवर थाप मारली. तो म्हणाला, "पण मस्यू, चेहरा अगदी उतरला हो तिचा." मी म्हटलं, पकडलेल्या माणसाचा उतरतोच.

आज नोटरी फार चांगला झाला. बाल्कनीत टोपी नव्हती.

३ डिसेंबर, गुरुवार

फुलं नाहीत. टोपी नाही. सगळं कसं स्वच्छ.

प्रयोग मात्र पडेल झाला. टाळ्या होत्या, पण सात मिनिटं मी कुणाशी बोलतोय तेच कळेना. खांबाजवळच्या त्या जागेवर कुठल्याशा आजोबांनी कोट ठेवला होता. मी पडद्याच्या भोकातून तीनदा पाहिलं. शत्रू गेल्यावर माणसाला हलकं वाटायला हवं, मला का वाटत नाही? त्यांची ही नवी चाल असावी.

सिदोनी म्हणाली, "आज फुलं नाहीत तर तुमचं लक्ष दाराकडेच."

"सावध राहायला नको?"

"राहा की," ती म्हणाली आणि माझी गुंडी इतकी जोरात लावली की श्वास अडकला.

७ डिसेंबर, सोमवार

सोमवारी आम्हाला सुट्टी असते. कोर्बिएनं कॅफेत बोलावलं. खिशात चार वाक्यं लिहून नेली होती, काढून टाकल्यावर मान ताठ ठेवून म्हणायची.

त्यानं माझ्यासाठी पांढरी वाईन मागवली आणि कागद पुढे सरकवला. करार, पुढच्या जूनपर्यंत. मी दोनदा वाचला. तिसऱ्यांदा उलटा करून पाहिला.

"मागे काही नाही रे, कोराच आहे," कोर्बिए म्हणाला. "आणि ऐक. गुरुवारी दहा तारखेला दुपारच्या प्रयोगाला चित्रपटवाले येतायत. दिग्दर्शक स्वतः येतोय. काझालला त्यांनी घेतलेलंच आहे. ते तुला बघायला येतायत, तेओ. तुला."

मी कागद चौथ्यांदा वाचला. शेवटी मी विचारलं, "मग ती कार्नेशन कशाला पाठवलीस?"

"कसली कार्नेशन?"

मी सगळं सांगितलं. तो इतका हसला की शेजारच्या टेबलावरच्या बाईनं वळून पाहिलं.

"अरे, मला कुणाला काढायचं असलं तर मी तोंडावर ओरडून काढतो. तुला दहा वर्षांत एवढं कळलं नाही? नाटकवाला कार्नेशन देत नाही म्हणतोस ना? मग नाटकाबाहेरच्या कुणीतरी दिली. बाहेरच्यांना काय माहीत! त्यांना फूल दिसतं."

"आणि ग्रांझे?"

"ग्रांझे बिचारा मला महिनाभर सांगतोय की म्हातारा रोज वेगळं करतो, मी वेडा होणार."

मी वाईन संपवली. कोर्बिए खरं बोलत असेल तर ती बाई कोण? आणि तिनं 'त्रास' का म्हटलं?

९ डिसेंबर, बुधवार

नको वाटतंय तरी लिहितो, कारण लिहून ठेवायचं असं मीच ठरवलं होतं.

सकाळी लाबूरकडे गेलो. म्हटलं, त्या बाईबद्दल जे जे आठवतं ते सगळं सांग.

"आता?" तो म्हणाला. "तुम्ही तर म्हणालात पहिल्या दिवसापासून माहितीये."

"सांग रे बाबा."

"बोलणं दक्षिणेकडलं, गाण्यासारखं. हात खरबरीत, बोटांवर हिरवे डाग. फुलांच्या मंडईत असते म्हणाली, पहाटे. गुरुवारी दुपारी मोकळी. आणि हो, पहिल्याच दिवशी एक विचारलं तिनं. म्हणाली, ते अजून एन्ट्रीच्या आधी साखरेचा खडा तोंडात धरतात का?"

"तू काय सांगितलंस?"

"मला काय ठाऊक, म्हटलं. धरता का?"

धरतो. आईनं लावलेली सवय. कोणाला दिसू नये म्हणून विंगेकडे पाठ करून धरतो. सिदोनीलासुद्धा माहीत नाही. एका मुलीला माहीत होतं. ती सहा वर्षांची असताना माझ्याबरोबर विंगेत उभी राहायची आणि अर्धा खडा मागायची.

तसाच मंडईत गेलो. फुलांच्या भागात दहाला झाडलोट चाललेली असते. एका गाळ्यावर तेच गुच्छ, देठ तिरपे, गाठ खाली. गाळेवाल्याला ओडिलचं नाव सांगून विचारलं.

"ओडिल? गेली की आंतीबला, सत्तावीस तारखेलाच. खरं तर मळ्याचा माल विकायला मार्चपर्यंत इथं तिचीच पाळी. हट्टानं मागून घेतली होती पॅरिसची पाळी, इकडं थंडीत मरायला कुणी येत नाही. मग एकदम म्हणाली, इथं राहायचं कारण उरलं नाही." मग माझ्याकडे निरखून बघत म्हणाला, "तुम्हाला कुठंतरी पाहिलंय मी."

तिथल्या एका खोक्यावर मी बसलो. फुलं बघून मला कळेल असं तिला वाटलं होतं. तिच्या आजोबांची फुलं, आजोबांची गाठ. आणि मी गाठ ओळखली, वर्तमानपत्र ओळखलं, वास ओळखला, फक्त तिला ओळखलं नाही. वर निरोप पाठवला की पहिल्या दिवसापासून ओळखलंय. तोही पाठ करवून घेऊन.

आता ते लिहून टाकतो जे इथं नको म्हणालो होतो. ४६ साली तिची आई गेली. तार आली तेव्हा मी एका चित्रपटात स्टेशनमास्तर होतो, तीन दिवसांचं काम. मनात म्हटलं, रविवारी जाऊ, दोन दिवसांनी काय बिघडतंय, दफन तर माझ्याविनाही होणारच. ओडिलनं मग एकच पत्र पाठवलं, एका ओळीचं: "पपा, तुमच्या जागी दुसरा स्टेशनमास्तर मिळाला नसता का?"

मी उत्तर दिलं नाही. काय देणार? अर्ध्या तासात मिळाला असता. तीच तर माझी जन्माची भीती.

दुपारभर खोलीत फेऱ्या घातल्या. सोमवारी सुट्टी आहे, सोमवारी गेलो तरी चालेल. उद्या चित्रपटवाले येतायत, एवढं होऊ दे. चार दिवसांनी काय बिघडतंय! हे मनात आलं आणि मी फेरी तिथंच थांबवली, कारण हेच वाक्य मी आधी एकदा म्हटलेलं होतं.

चारला कोर्बिएकडे गेलो. म्हणालो, आजचा आणि उद्याचा प्रयोग ग्रांझे करेल. तो ओरडला. मग समजावलं, मग पुन्हा ओरडला. "चौतीस वर्षं थांबलास आणि आता पळतोस? ते त्यालाच घेतील, कळतंय का तुला?"

"कळतंय."

"तू आजारी आहेस का?"

"नाही. मुलीकडे जातोय."

त्याच्या तोंडून एक शिवी निघाली, पण हळू आवाजात. मग त्यानं खिडकीकडे तोंड केलं.

ग्रांझेला रंगपटात बोलावलं आणि सगळं दाखवलं. चष्मा उजव्या हातानं. मृत्युपत्राच्या तिसऱ्या ओळीवर थांबायचं, पण रडायचं नाही, लोकांना रडू दे. खुर्चीवर बसायचं नाही, खुर्चीच्या पाठीला हात लावायचा. "खिडकीतून जायचं नाही," मी म्हणालो. तो हसला आणि लगेच त्याचे डोळे भरून आले. नाटकी असेल, आम्ही सगळेच नाटकी. पण तो चांगला नट आहे, हे मला महिनाभर माहीत होतं.

सातची गाडी आहे.

११ डिसेंबर, शुक्रवार, आंतीब

काल सकाळी नऊला उतरलो आणि दुपारी दोनपर्यंत स्टेशनसमोरच्या कॅफेत बसून राहिलो. भीती वाटत होती, खोटं कशाला बोलू. कॅफेवाला सारखा माझ्याकडे बघत होता. ओडिलनं गावभर सांगून ठेवलं असणार असं वाटलं. शेवटी तो जवळ आला आणि म्हणाला, "तुम्ही टुलूंचे दातांचे डॉक्टर ना?" मी हो म्हणून मोकळा झालो.

मळा तोच, काचघरं वाढली आहेत. दार एका उंच माणसानं उघडलं. त्यानं टोपी काढली, माझ्याकडे पाहिलं, टोपी परत घातली आणि आत हाक मारून काचघरांकडे निघून गेला. तो जावई, बातिस्तें. लग्नाला मला बोलावलं नव्हतं.

ओडिल हात पुसत आली. तिचा चेहरा मी सात वर्षांत पहिल्यांदा पाहिला, अगदी आईवर गेली आहे. मला पाहून ती थांबली, तिथंच, पुढे आली नाही.

मी गाडीत सगळं तयार करून आणलं होतं. आधी कार्नेशनचा संकेत समजावायचा, मग लाबूरला दिलेला निरोप, मग क्षमा. त्यातलं एक वाक्य आठवेना. मी म्हणालो, "आमच्यात कार्नेशन म्हणजे काढून टाकणं असतं. मला वाटलं, मला काढून टाकतायत."

ती हात पुसतच राहिली.

"तू आहेस हे मला माहीत नव्हतं. निरोप खोटा होता. मला काहीच कळलं नव्हतं."

"काहीच?"

"काहीच नाही."

हे ऐकून तिला वाईट वाटेल असं मला वाटलं होतं, पण तिनं एक लांब श्वास सोडला आणि दाराच्या चौकटीला टेकली. मग तिचं भिंतीवरच्या घड्याळाकडे लक्ष गेलं. पावणेतीन वाजले होते.

"आज गुरुवार," ती म्हणाली. "तुमचा प्रयोग सुरू झाला असेल."

"झाला असेल. दुसरा नट आहे. तो करतोय."

"बरा करतो?"

"चांगला करतो. त्यालाच घेतील बहुतेक चित्रपटात."

तिनं मला आत घेतलं. स्वयंपाकघरात बसवलं, समोर ऑलिव्ह आणि पाव ठेवला आणि स्वतः उभीच राहिली. मग ती पाठमोरी होऊन भांडी विसळता विसळता म्हणाली, "तो स्टेशनमास्तरचा सिनेमा मी दोनदा पाहिला. इथं लागला तेव्हा एकदा आणि मग नीसला जाऊन. तुम्ही कुठंच दिसला नाहीत. मला वाटलं, मीच तुम्हाला ओळखलं नाही. आपला बाप आपल्याला ओळखू येईना, म्हणून घरी येऊन इतकी रडले मी."

"मी नव्हतोच त्यात," मी म्हणालो. "माझा प्रसंग त्यांनी कापला."

तिचे हात पाण्यात थांबले.

"सगळा?"

"सगळा. टोपीसुद्धा दिसत नाही."

ती वळली. तिच्या चेहऱ्याकडे पाहून मला कळेना की ती आता ओरडणार की घराबाहेर काढणार. जे काही करेल ते मला मान्य होतं आणि मी उठून उभा राहिलो. ती ओल्या हातांनीच माझ्याजवळ आली आणि म्हणाली, "बसा पपा. मला दाखवा. काय करणार होतात त्यात, ते सगळं मला करून दाखवा."